घराणे आणि प्रेमकथा : मराठी साहित्य व चित्रपटांतील तृतीयपंथीयांचे स्थान

'एलजीबीटी' ही आद्याक्षरे मराठी वृत्तपत्रांत, परिसंवादांत आणि विद्यापीठीय लेखनात रुळून आता बराच काळ लोटला आहे. समलिंगी स्त्री, समलिंगी पुरुष, उभयलैंगिक आणि पारलिंगी अशा चार समूहांचा त्यांत एका दमात उच्चार होतो. पुढे 'क्विअर' आणि आणखी काही अक्षरांची त्यांत भर पडली. या समूहांचा इतिहास आणि साहित्यातील त्यांचे चित्रण मात्र असे एका दमात सांगता येण्यासारखे नाही. पहिली तीन अक्षरे व्यक्तीला कोणाविषयी ओढ वाटते हे सांगतात. चौथे अक्षर व्यक्ती स्वतःला कोण मानते हे सांगते. लैंगिकता आणि लिंगभाव यांतील हा भेद आता अभ्यासकांच्या चांगल्या परिचयाचा आहे. त्याचे वाङ्मयीन परिणाम मात्र फारसे तपासले गेलेले नाहीत.

गेल्या चार दशकांतील काही मराठी नाटके, कादंबऱ्या, आत्मकथने आणि चित्रपट एकत्र ठेवून वाचले असता एक विभागणी ठळकपणे निदर्शनास येते. मराठी लेखनाने तृतीयपंथीयाला समुदाय दिला, देव दिला, भूक आणि अवहेलना दिली. प्रेमकथा मात्र दिली नाही. समलिंगी व्यक्तीला प्रेम दिले, विरह दिला, अंतर्मन दिले. समुदाय दिला नाही. पहिल्याकडे बाहेरून पाहिले गेले, दुसऱ्याला 'मी' म्हणू दिले गेले. ही विभागणी केवळ योगायोगाची नाही. ती कायद्यात आहे, शासकीय नोंदींत आहे, आणि ज्या चळवळीने या समूहांना एका नावाखाली आणले त्या चळवळीच्या घडणीतही आहे.

नावाआधीचा इतिहास

पाश्चात्त्य देशांत पारलिंगी व्यक्तींचा या नावाशी असलेला संबंध मुख्यतः उपेक्षेचा आहे. न्यूयॉर्कमधील १९६९ च्या स्टोनवॉल उठावाशी सिल्व्हिया रिव्हेरा आणि मार्शा जॉन्सन यांची नावे जोडली जातात. परंतु १९७३ च्या मेळाव्यात व्यासपीठावर बोलावयास उभ्या राहिलेल्या रिव्हेरा यांची समलिंगी समुदायातीलच श्रोत्यांनी हुर्यो उडविली. २००७ साली अमेरिकी प्रतिनिधिगृहाने रोजगारातील भेदभावाविरुद्धचे विधेयक संमत केले तेव्हा त्यातून लिंगभावाची तरतूद वगळण्यात आली होती. पारलिंगींना थांबावयास सांगून समलिंगींचा प्रश्न आधी सोडवावा, असा तो हिशेब होता.

भारतातील परिस्थिती जवळजवळ उलट आहे. येथे हिजडा समुदाय 'एलजीबीटी' या नावापेक्षा कितीतरी जुना आहे. घराणे, गुरू-चेला परंपरा, बधाई, स्वतःची न्यायपंचायत आणि स्वतःची सांकेतिक भाषा एवढी संस्थात्मक व्यवस्था त्याच्यापाशी पूर्वीपासून होती. समलिंगी पुरुषांपाशी आणि समलिंगी स्त्रियांपाशी असे काहीच नव्हते. म्हणून येथे कोण कोणाच्या आश्रयाला आले, हा प्रश्न पाश्चात्त्य इतिहासाच्या साच्यातून सोडविता येत नाही.

वासाहतिक कायद्याने या दोन्ही प्रकारच्या व्यक्तींना एकाच वेळी पकडले, पण निरनिराळ्या हातांनी. भारतीय दंड संहितेच्या कलम ३७७ ने कृती गुन्हा ठरविली; १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याच्या दुसऱ्या भागाने व्यक्तीच नोंदवहीत घातली. या दुसऱ्या भागानुसार 'षंढ' म्हणून वर्गीकृत केलेल्यांची नावे व मालमत्ता यांची यादी ठेवली जाई, आणि स्त्रीवेशात सार्वजनिक ठिकाणी दिसणे अथवा नाचगाणे करणे हे शिक्षेस पात्र होते. येथे एक तपशील विशेष उल्लेखनीय होय. कलम ३७७ च्या अगदी आरंभीच्या नोंदलेल्या खटल्यांपैकी अलाहाबाद उच्च न्यायालयातील १८८४ चा खैराती खटला हा स्त्रीवेश धारण करणाऱ्या व्यक्तीवरील होता. ज्या कलमाला पुढे 'समलिंगींविरुद्धचे कलम' म्हणून ओळखले गेले, त्याचा आरंभीचा बळी आजच्या परिभाषेत पारलिंगी ठरला असता.

स्वातंत्र्योत्तर काळात या दोन समूहांना एकत्र आणण्याचे काम संस्कृतीपेक्षा सार्वजनिक आरोग्याने केले. मुंबईत १९९० साली अशोक राव कवी यांनी 'बॉम्बे दोस्त' हे नियतकालिक सुरू केले आणि १९९४ साली 'हमसफर ट्रस्ट' स्थापन झाला. एड्स-प्रतिबंधक कार्यक्रमांना 'पुरुषांशी लैंगिक संबंध ठेवणारे पुरुष' हा गट गणनेसाठी हवा होता, आणि सुरुवातीच्या काळात हिजड्यांची गणनाही त्यातच होत असे. स्वतःला पुरुष न मानणाऱ्या व्यक्तींना पुरुषांच्या एका प्रकारात बसविण्याची ही व्यवस्था होती. निधी, दवाखाने आणि संस्था तिच्याच आधाराने उभ्या राहिल्या. याच काळात 'कोती' आणि 'पंथी' हे समुदायातील बोलीशब्द अहवालांत शिरले. कोती म्हणजे बायकी वळणाचा पुरुष. तो विवाहित असू शकतो, दिवसा शर्ट-पँटमध्ये कामावर जाऊ शकतो, आणि त्याचे हिजडा होणे अथवा न होणे परिस्थितीवर अवलंबून असते. पंथी म्हणजे त्याचा पुरुषी जोडीदार. या दोघांना चार अक्षरांपैकी कोठे बसवावे हे सांगता येत नाही. देशी शब्द नात्यावरून माणूस ओळखत होते, नवी अक्षरे स्वभावावरून ओळखू लागली. या बदलात जे निसटले त्याची दखल मराठी कथात्म साहित्याने अद्याप पुरेशी घेतलेली दिसत नाही.

मित्रा आणि जोगता

विजय तेंडुलकर यांचे 'मित्राची गोष्ट' हे नाटक १९८१ साली रंगभूमीवर आले. महाविद्यालयीन वातावरणातील सुमित्रा देव, तिचे नमावरील प्रेम आणि तिचा आत्मनाश ही त्याची कथा. समलिंगी स्त्रीचे मराठी रंगभूमीवरील आद्य गंभीर चित्रण म्हणून त्याची नोंद घेतली जाते आणि ते योग्यच आहे. परंतु हे नाटक आज पुन्हा वाचले असता मित्राच्या प्रेमापेक्षा तिच्या 'पुरुषीपणा'कडे संहितेचे लक्ष अधिक आहे, असे जाणवते. नाटकातील नाटकात ती पुरुषाची भूमिका करते आणि तेथूनच नमाविषयीची ओढ आकार घेते. स्त्रीला स्त्री आवडते याचा अर्थ तिच्यात पुरुष दडलेला आहे, हे त्या काळचे गृहीतक येथे काम करते. तेंडुलकरांचा दोष दाखविण्यासाठी हे नमूद केलेले नाही. १९८१ साली लैंगिकता आणि लिंगभाव यांची फारकत झालेलीच नव्हती. त्यामुळे मित्रा समलिंगी स्त्री आहे की आज ज्याला पारलिंगी पुरुष म्हटले असते तो आहे, हा प्रश्न नाटकाने खुला ठेवला आहे. दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची. ही गोष्ट मित्राची असली तरी सांगतो बापू. मित्रावर जीव असलेला, तिला समजून घेऊ पाहणारा आणि तरीही बाहेरच उभा असलेला हा निवेदक आहे. पुढील दोन दशके मराठी लेखन याच जागेवरून पाहत राहिले.

राजन गवस यांच्या 'चौंडकं' आणि 'भंडारभोग' या १९८० च्या दशकातील कादंबऱ्यांनी यल्लम्माच्या नावाने सोडलेल्या जोगतिणी आणि जोगते यांचे जग मराठीत आणले. सौंदत्तीच्या डोंगराकडे जाणारी वाट, परडी, भंडारा, डोक्यात निघालेली जट म्हणजे देवीचा कौल ही समजूत, आणि या सर्वांच्या मुळाशी असलेले दारिद्र्य हे सीमाभागाच्या बोलीत आणि तपशिलांनिशी आले. या कादंबऱ्यांचे महत्त्व निर्विवाद आहे. गडहिंग्लज-निपाणी परिसरात देवदासी-निर्मूलनाच्या चळवळीने ज्या काळात मूळ धरले, त्याच काळात त्या लिहिल्या गेल्या आहेत, हे ध्यानात घेतले म्हणजे त्यांची दृष्टीही समजते. ती सुधारणेची दृष्टी आहे. तिला प्रथेचा बळी दिसतो, शोषण दिसते, अंधश्रद्धेची यंत्रणा दिसते.

परंतु जोगता होणाऱ्या प्रत्येकाची कथा एकच नसते. कोणावर लुगडे लादले जाते, तर कोणाला त्या लुगड्यातच प्रथमच मोकळा श्वास घेता येतो. गावगाड्यात बायकी मुलाला जगण्यासाठी ज्या थोड्या मान्य जागा होत्या, त्यांत देवीचा दरबार ही एक होती. हा अनुभव सुधारणेच्या कथनात बसत नाही, कारण तेथे प्रथेतून सुटका हाच एकमेव सुखान्त असतो. जोगत्याच्या स्वतःच्या इच्छेचा प्रश्न त्यामुळे विचारलाच जात नाही. महाराष्ट्राच्या पुरोगामी परंपरेने लिंगभावाच्या प्रश्नाकडे केलेल्या दुर्लक्षाचे हे एक कारण असावे. ज्या वेशात तिने बंधन पाहिले, त्याच वेशात कोणी आपले स्वत्व पाहत असेल, ही शक्यता तिला अवघड गेली.

पुरुष सिद्ध करणारे चित्रपट

या दोन कादंबऱ्यांवर आधारित राजीव पाटील दिग्दर्शित 'जोगवा' (२००९) हा चित्रपट राष्ट्रीय पुरस्कारांनी गौरविला गेला. उपेंद्र लिमये यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला. मराठी चित्रपटाच्या दृष्टीने त्याचे मोल मोठे आहे. प्रस्तुत विषयाच्या संदर्भात मात्र त्यातील एक निवड तपासून पाहणे आवश्यक ठरते. कादंबऱ्यांतील दोन स्वतंत्र जगे चित्रपटात तायप्पा आणि सुली यांच्या प्रेमकथेत एकत्र येतात. जोगत्याला येथे प्रेम मिळते, पण एका अटीवर: तो 'मुळात पुरुष' असला पाहिजे. तायप्पाचे लुगडे हे त्याच्या देहावरील अन्याय्य ओझे आहे आणि सुलीवरील प्रेमातून त्याचे पुरुषत्व पुन्हा उगवते, अशी चित्रपटाची रचना आहे. प्रेक्षकाची सहानुभूती मिळते ती स्त्रीवेशातील माणसाला नव्हे, स्त्रीवेशात अडकलेल्या पुरुषाला. जो जोगता लुगडे सोडू इच्छित नाही, ज्याला पुरुषाविषयी ओढ आहे, तो कथेच्या पार्श्वभूमीवर राहतो.

आनंद यादव यांच्या कादंबरीवरील रवी जाधव यांचा 'नटरंग' (२०१०) हीच रचना तमाशाच्या क्षेत्रात नेतो. गुणा हा पिळदार शरीराचा मजूर फडासाठी नाच्या होतो आणि समाज त्याला हिजडा म्हणून हिणवतो. त्याच्यावर लैंगिक अत्याचारही होतो. चित्रपटाची करुणा एका गैरसमजावर उभी आहे: गुणा तसा नाही, तरी लोक त्याला तसा समजतात. तसा असता तर? हा प्रश्न चित्रपट विचारत नाही. 'बांगड्या भरा' हा शब्दप्रयोग ज्या भाषेतील राजकीय सभांत अद्याप टाळ्या मिळवितो, तेथे हा प्रश्न न विचारला जाणे आश्चर्याचे नाही. बालगंधर्वांच्या शालूवर लुब्ध झालेल्या आणि त्यांच्या स्त्रीभूमिकांवरून घरच्या स्त्रियांची वेशभूषा ठरविणाऱ्या समाजाने रंगमंचाच्या कडेची ती रेघ नेहमीच कसोशीने जपली आहे. योगायोग असा की 'नटरंग' आणि 'बालगंधर्व' (२०११) यांच्या दिग्दर्शकानेच २०२३ साली गौरी सावंत यांच्या जीवनावरील 'ताली' ही मालिका केली. नाच्या, स्त्रीपार्ट आणि तृतीयपंथी कार्यकर्ती हा एका दिग्दर्शकाचा तेरा वर्षांचा प्रवास मराठी अभिरुचीच्या प्रवासाचाही निदर्शक मानता येईल. मात्र तिसरी कलाकृती हिंदीत आहे, आणि तीत मुख्य भूमिका एका सिसजेंडर अभिनेत्रीने केलेली आहे, हेही विसरता येत नाही.

तनयची खोली

सचिन कुंडलकर यांची 'कोबाल्ट ब्लू' ही कादंबरी २००६ साली प्रसिद्ध झाली. पुण्यातील एका घरात भाडेकरू म्हणून आलेल्या तरुणावर तनय आणि त्याची बहीण अनुजा ही दोघेही प्रेम करतात. पूर्वार्ध तनयचा आहे, उत्तरार्ध अनुजाचा. निघून गेलेल्या प्रियकराला उद्देशून तनय बोलत राहतो, आणि मराठी कादंबरीत समलिंगी पुरुष प्रथमच इतक्या निःसंकोचपणे स्वतःच्या आवाजात बोलतो. बापूच्या निवेदनापासून तनयच्या निवेदनापर्यंत मराठी गद्याने कापलेले अंतर मोठे आहे. बिंदुमाधव खिरे यांच्या 'पार्टनर'मध्येही समलिंगी तरुणाच्या आत्मस्वीकाराची कथा त्याच्या बाजूने सांगितलेली आहे. तिच्यातील प्रबोधनाचा हेतू उघड असला तरी तिचे ऐतिहासिक मोल त्याने कमी होत नाही. खिरे यांच्या 'समपथिक' या पुण्यातील संस्थेच्या कामाशी ती निगडित आहे.

तथापि या लेखनातील माणूस एकटा आहे. त्याचे दुःख खोलीच्या आत घडते. पुण्यातील मध्यमवर्गीय घर, त्यातील सुसंस्कृत मौन, वाचन आणि संगीत हे त्याचे जग आहे. त्याची जात सांगावी लागत नाही, कारण ती गृहीत असते. पोटाचा प्रश्न येत नाही, कारण तोही सुटलेला असतो. रस्त्यावर टाळी वाजविणारी व्यक्ती आणि तनय यांच्यात काही नाते आहे, अशी शंकाही या कादंबरीच्या वाचकाला येत नाही. तशी ती यावी अशी सक्ती कादंबरीवर करता येणार नाही. परंतु अभ्यासक्रमात 'लिंगभाव आणि साहित्य' असा एखादा घटक आखताना 'कोबाल्ट ब्लू' आणि एखादे तृतीयपंथी आत्मकथन शेजारी ठेवले जाते, तेव्हा काय घडते? पहिल्याच्या निमित्ताने वर्गात शैली, निवेदन, प्रेम, विरह यांची चर्चा होते. दुसऱ्याच्या निमित्ताने समस्या, पुनर्वसन आणि समाजाची मानसिकता यांची. एक साहित्यकृती म्हणून शिकविली जाते, दुसरी समाजशास्त्राचे साधन म्हणून. 'एलजीबीटी साहित्य' हे एकत्र नाव या विषमतेवर पांघरूण घालते.

'मी' या शब्दाची दोनदा उच्चारणा

लक्ष्मीनारायण त्रिपाठी यांचे 'मी हिजडा, मी लक्ष्मी!' (२०१२, शब्दांकन : वैशाली रोडे) हे आत्मकथन या दृष्टीने पुन्हा वाचण्याजोगे आहे. त्याचे शीर्षकच एका युक्तिवादासारखे आहे. शिवी म्हणून वापरला जाणारा शब्द आधी येतो, व्यक्तिनाम नंतर येते, आणि दोहोंच्या आधी 'मी' येतो. 'तृतीयपंथी' हा सभ्य शब्द उपलब्ध असताना तो नाकारला जातो, कारण तो शब्द समुदायाने स्वतःसाठी घडविलेला नाही. सभ्य समाजाने स्वतःच्या सोयीसाठी घडविलेला आहे.

पुस्तकाच्या पूर्वार्धात एक घटना आहे जिच्याकडे समीक्षेचे पुरेसे लक्ष गेलेले नाही. ठाण्यात वाढलेला, नृत्याची आवड असलेला, बायकी म्हणून चिडविला जाणारा आणि लहानपणी लैंगिक अत्याचार सोसलेला हा मुलगा माटुंग्याच्या महेश्वरी उद्यानात समलिंगी पुरुषांच्या घोळक्यापर्यंत पोहोचतो आणि अशोक राव कवी यांना भेटतो. आपल्यात काही विकृत नाही, हा दिलासा त्याला तेथे मिळतो. म्हणजे 'जी' हे अक्षर त्याला आधी सापडते. त्याने आयुष्याचा पहिला अर्थ लावला तो या शब्दाच्या साहाय्याने. तरीही तो तेथे थांबत नाही. पुढे लता गुरूंची चेला होऊन ती हिजडा घराण्यात प्रवेश करते. हा प्रवेश अज्ञानातून अथवा सक्तीतून झालेला नाही. दुसरा पर्याय ठाऊक असलेल्या प्रौढ व्यक्तीने तो निवडलेला आहे. आधुनिक शब्दाकडून पारंपरिक संस्थेकडे होणारा हा प्रवास प्रगतीच्या नेहमीच्या कथनाला छेद देतो. समलिंगी वर्तुळाने तिला मान्यता दिली. घराण्याने तिला रूप दिले, नाते दिले, गुरू दिला. लुगड्यातल्या ज्या मोकळ्या श्वासाला सुधारणेच्या कथनात जागा नव्हती, तो येथे प्रथमपुरुषी निवेदनात ऐकू येतो.

त्याच वेळी हे आत्मकथन घराण्याचेही समर्थनपत्र नाही. घराण्यात जाणाऱ्याने रक्ताचे घर सोडावे ही रूढी. लक्ष्मी आईवडिलांचे घर सोडत नाही आणि आईवडीलही तिला सोडत नाहीत. गुरूची शिस्त आणि माध्यमांतील मुक्त वावर यांतील ताण पुस्तकात लपविलेला नाही. आणि जे पूर्वीच्या कोणत्याही मराठी कृतीत नव्हते ते येथे आहे: हिजडा व्यक्ती प्रेमाविषयी, आवडलेल्या पुरुषांविषयी, फसवणुकीविषयी आणि देहाच्या सुखाविषयी स्वतः बोलते. समुदाय आणि प्रेम या दोन गोष्टी प्रथमच एका माणसाच्या वाट्याला येतात.

या आत्मकथनाच्या मर्यादाही आहेत. उत्तरार्धात परिषदा, परदेशप्रवास आणि प्रसिद्ध व्यक्तींच्या भेटी यांची दाटी होते, आणि बस्तीतील सामान्य हिजड्याचे जगणे मागे पडते. शब्दांकनामुळे बोलण्यातील ठसका टिकला असला तरी काही ठिकाणी निवेदन मुलाखतीच्या अंगाने जाते. प्रसंग सांगितला जातो, पण त्यात थांबले जात नाही. शिवाय लक्ष्मी यांचा उत्तर भारतीय ब्राह्मण कुटुंबातील जन्म, शिक्षण आणि बोलण्यातील सफाई यांचा त्यांच्या वाटचालीतील वाटा किती, याचा हिशेब पुस्तक मांडत नाही. हा हिशेब पुढे इतरांनी मांडावयास घेतला. कवयित्री दिशा पिंकी शेख यांनी २०१९ साली वंचित बहुजन आघाडीच्या प्रवक्त्या म्हणून तृतीयपंथीयांचा प्रश्न जात आणि वर्ग यांच्यापासून अलग न करता मांडला, ही मराठी सार्वजनिक जीवनातील लक्षणीय घटना होय. लक्ष्मी यांच्या आत्मकथनाचा २०१५ चा इंग्रजी अनुवाद आर. राज राव आणि पी. जी. जोशी यांनी केला आहे. राज राव हे समलिंगी जीवनावरील कथात्म लेखनासाठी ओळखले जाणारे पुण्यातील इंग्रजी लेखक. 'टी'चे आत्मकथन जगापर्यंत नेण्यासाठी 'जी'चा लेखक पुढे आला. एकाच नावाखाली येण्याचा वाङ्मयातील हा एक खरा, कामाचा पुरावा म्हणावा लागेल.

न्यायालयाने केलेले दोन भाग

साहित्यातील ही विभागणी न्यायनिर्णयांच्या तारखांतही दिसते. दिल्ली उच्च न्यायालयाने २ जुलै २००९ रोजी प्रौढांमधील संमतीने होणारे खाजगी संबंध कलम ३७७ च्या कक्षेबाहेर काढले. सर्वोच्च न्यायालयाने ११ डिसेंबर २०१३ रोजी तो निर्णय फिरविला. त्यानंतर अवघ्या चार महिन्यांनी, १५ एप्रिल २०१४ रोजी, त्याच न्यायालयाने 'नालसा' खटल्यात तृतीयपंथीयांना आपला लिंगभाव स्वतः ठरविण्याचा अधिकार मान्य केला. लक्ष्मी त्रिपाठी या खटल्यात सहभागी होत्या. निकालात खैराती खटल्याचा उल्लेख आहे, कलम ३७७ चा तृतीयपंथीयांच्या छळासाठी वापर झाला याचीही नोंद आहे. मात्र कलमाच्या वैधतेवर मत देण्याचे न्यायालयाने टाळले. परिणामी ६ सप्टेंबर २०१८ पर्यंत, म्हणजे जवळजवळ साडेचार वर्षे, एखादी हिजडा व्यक्ती कायद्याच्या दृष्टीने सन्मान्य नागरिक होती, पण तिचे प्रेम गुन्हा ठरू शकत होते. ती कोण आहे हे मान्य झाले. तिने कोणावर प्रेम करावे हे मान्य झाले नाही. कर्नाटकातील अक्कै पद्मशाली आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१६ साली कलम ३७७ विरुद्ध स्वतंत्र याचिका दाखल केली, त्यामागे हीच विसंगती होती. ते कलम केवळ समलिंगींचे नाही, हे सांगण्यासाठी पारलिंगींना न्यायालयात जावे लागले.

तृतीयपंथीयाची शासनदरबारी नेहमी नोंद होत आली आहे. १८७१ ची नोंदवही, २०११ च्या जनगणनेतील 'इतर' हा रकाना, २०१९ च्या कायद्याने आणलेले जिल्हा दंडाधिकाऱ्यांचे प्रमाणपत्र ही त्या नोंदीची बदलती रूपे होत. जनगणनेत या रकान्यात देशात ४,८७,८०३ आणि महाराष्ट्रात ४०,८९१ व्यक्ती नोंदल्या गेल्या. समलिंगी व्यक्तींसाठी असा रकाना कधीच नव्हता. ज्याची नोंद होते त्याच्याकडे बाहेरून पाहिले जाते, आणि ज्याची होत नाही त्याला स्वतःविषयी सांगितल्यावाचून गत्यंतर नसते. कादंबरीतील निवेदनाच्या ज्या फरकाविषयी वर लिहिले, त्याचे एक मूळ येथेही शोधता येईल.

संसदेने २०१९ साली तृतीयपंथी व्यक्तींसाठी केलेल्या कायद्यात 'कुटुंब' या शब्दाची व्याख्या रक्त, विवाह अथवा कायदेशीर दत्तकविधान यांनी जोडलेल्या व्यक्तींचा समूह अशी करण्यात आली. गुरू आणि चेला या व्याख्येत बसत नाहीत. तृतीयपंथीयाला घरातून काढले जाते तेव्हा जे घर तिला आत घेते, तेच कायद्याच्या लेखी घर ठरले नाही. त्याच कायद्यात तृतीयपंथी व्यक्तीवरील लैंगिक अत्याचारासाठी सहा महिने ते दोन वर्षे एवढीच शिक्षा ठेवण्यात आली. स्त्रीवरील बलात्कारासाठी त्या वेळी किमान शिक्षा दहा वर्षांची होती. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत कलम ३७७ ला समांतर असे कलमच ठेवले गेले नाही. त्यामुळे पुरुष आणि तृतीयपंथी व्यक्तींवरील असंमत संबंधांसाठी पूर्वी असलेला कठोर शिक्षेचा आधारही गेला. 'नटरंग'मधील गुणावर झालेल्या अत्याचाराला या संहितेत बलात्कार म्हणता येत नाही.

सर्वोच्च न्यायालयाने १७ ऑक्टोबर २०२३ रोजी 'सुप्रियो' खटल्यात समलिंगी विवाहाला मान्यता देण्यास नकार दिला. त्याच निकालात, भिन्नलिंगी संबंधातील पारलिंगी व्यक्तींना प्रचलित कायद्यांखाली विवाहाचा अधिकार आहे, असेही म्हटले आहे. मद्रास उच्च न्यायालयाने २०१९ साली पारलिंगी स्त्रीला हिंदू विवाह कायद्यातील 'वधू' मानले होतेच. एका बाजूला पुरुष आणि दुसऱ्या बाजूला स्त्री असेल तर पारलिंगी व्यक्तीचे प्रेम मान्य, ही 'जोगवा'चीच अट होय. तायप्पा आणि सुली यांचा संसार या निकालाच्या चौकटीत बसतो, गुरूच्या घरातली एखादी चेला तिच्या पंथीशी लग्न लावू पाहील तर तीही कदाचित प्रमाणपत्र हाती धरून बसेल. तनय आणि त्याचा भाडेकरू मात्र बाहेर राहतात, आणि मित्राने नमाशी लग्न करावयाचे ठरविले असते तर आपण स्त्री आहोत की पुरुष, याचे उत्तर तिला आधी जिल्हा दंडाधिकाऱ्यांच्या कार्यालयात द्यावे लागले असते.